हेतूचा रकाना

वऱ्हाडात कीटकनाशकाला कोणी कीटकनाशक म्हणत नाही. ते 'औषध'. बोंडअळीचं औषध, तणाचं औषध, कृषी केंद्रातून हंगामाच्या उधारीवर आणलेलं औषध. मलकापूर तालुक्यातल्या एखाद्या खेड्यातून रात्री बेशुद्ध माणूस गाडीत घालून आणतात, तेव्हा दवाखान्याच्या दारात डॉक्टर विचारतो आणि सोबतची माणसं दोनपैकी एक वाक्य सांगतात. 'औषध लागलं' किंवा 'औषध घेतलं'. लागलं म्हणजे फवारणी करताना अंगात भिनलं. घेतलं म्हणजे काय, ते पुढे कोणी विचारत नाही.

उपचाराला या क्रियापदाशी देणंघेणं नाही. इंजेक्शनं तीच, रात्रभरची देखरेख तीच. डॉक्टरांच्या बोलीत दोघंही 'ओपी केस', म्हणजे ऑर्गॅनोफॉस्फेट विषबाधेची. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणात, म्हणजे आयसीडीच्या दहाव्या आवृत्तीत, शरीराला काय झालं याचा कोड दोघांनाही एकच, टी ६०. पण त्याच्या जोडीला दुसरा कोड लागतो, इजा कशी झाली याचा, आणि तिथे वाट फुटते. लागलं असेल तर एक्स ४८, अपघात. घेतलं असेल तर एक्स ६८, हेतुपुरस्सर. चौकशी करूनही ठरवता आलं नाही तर वाय १८. आणि कागदावर हेतूबद्दल एक अक्षरही नसेल, तर विषबाधा अपघाती धरायची असा कोड लावणाऱ्यांचा प्रघात. म्हणजे मौनाचाही कोड ठरलेला आहे, आणि तो अपघाताचा आहे.

देह तपासून हेतू कळत नाही. रक्तातलं एन्झाइम किती उतरलं ते प्रयोगशाळा सांगते; मनात काय होतं ते सांगत नाही. म्हणून हा रकाना डॉक्टरच्या अक्षरात भरला जात असला, तरी त्यात काय लिहायचं ते बहुधा दुसऱ्याच कोणाच्या भीतीनं किंवा गरजेनं ठरतं. गेल्या दीडशे वर्षांत ही भीती आणि ही गरज कशी बदलत गेली, ते मलकापुरात बसून पाहिलं तर जरा स्पष्ट दिसतं.

१८५३ मध्ये निजामानं वऱ्हाड कंपनी सरकारच्या कारभाराखाली दिला. पुढच्या पंधरा वर्षांत बुलढाणा जिल्हा आकाराला आला, मलकापूर त्यातला तालुका झाला, आणि मुंबईहून नागपूरला निघालेली रेल्वे १८६७ मध्ये नागपुरास पोचली ती मलकापुरावरूनच. रेल्वेनं कापूस नेला. त्याच सुमारास सरकारला माणसं मोजायची गरज भासू लागली: किती जन्मली, किती मेली, कशानं मेली. हे सांगायचं कोणी, तर गावच्या कोतवालानं. मेलेल्याची वर्दी पाटलाकडे, तिथून पोलीस ठाण्यात, तिथून जिल्ह्याला, आणि शेवटी सॅनिटरी कमिशनरच्या वार्षिक अहवालात. जन्ममृत्यूच्या या जुन्या वह्यांना विदर्भात आजही 'कोतवाल बुक' म्हणतात.

मरणाच्या कारणांचे रकाने मोजकेच. पटकी, देवी, ताप, पोटाचे विकार, इजा आणि इतर. इजेच्या पोटात आत्महत्या, अपघात, सर्पदंश आणि हिंस्र जनावरं. आत्महत्येत पुरुष वेगळे, बायका वेगळ्या. या वर्गवारीत एक वाघ आणि एक निराश माणूस शेजारीशेजारी बसले आहेत, आणि कोणालाच त्यात काही वावगं वाटलेलं नाही. आणि ताप! कोतवालाला कळलं नाही की ताप. म्हातारपण ताप, क्षय ताप, बाळंतरोगही तापच. सॅनिटरी कमिशनर वर्षानुवर्षं याबद्दल कुरकुरत राहिले. पण कोतवालाला दोष देण्यात अर्थ नाही. त्याला लिहितावाचताही येत असेलच असं नाही. तो तोंडी सांगे, वही दुसराच कोणी भरी. आत्महत्येची वर्दी देणं त्याच्यासाठी नुसती नोंद नव्हती. त्या वर्दीमागून फौजदार गावात येई, पंच गोळा होत, गावाचे दोन दिवस मोडत. 'ताप' म्हटलं की कोणी येत नसे.

तिकडे युरोपात याच रकान्यांचं शास्त्र होत होतं. इंग्लंडच्या नोंदणी कार्यालयात विल्यम फार यानं १८३९ पासून मृत्यूच्या कारणांना शिस्त लावायला घेतली. १८९३ मध्ये पॅरिस शहराच्या सांख्यिकी खात्याचा प्रमुख झाक बर्तियों यानं शिकागोच्या परिषदेत मृत्युकारणांची एक सर्वमान्य यादी मांडली. या बर्तियोंचा भाऊ आल्फोन्स पॅरिसच्या पोलिसांत होता. गुन्हेगारांची डोकी, हात, कान मोजून ओळख पटवण्याची पद्धत त्याची. एका भावानं जिवंत संशयितांचे खण केले, दुसऱ्यानं मेलेल्यांचे. १९०० मध्ये पॅरिसला पहिली आंतरराष्ट्रीय आवृत्ती ठरली तेव्हा त्यात १७९ खण होते. आजच्या आयसीडीचं मूळ ते.

१९४८ ची सहावी आवृत्ती जागतिक आरोग्य संघटनेच्या हाताखाली आली आणि तिनं दोन महत्त्वाच्या गोष्टी केल्या. नुसते मृत्यू नव्हे तर आजारपण आणि इजाही यादीत घेतल्या. म्हणजे वाचलेला माणूसही प्रथमच मोजण्याजोगा ठरला. दुसरं म्हणजे इजेचे दोन भाग पाडले. काय मोडलं ते एक, कशानं मोडलं ते दुसरं. १९६८ पासून लागू झालेल्या आठव्या आवृत्तीत आणखी एक खण आला: अपघात की हेतुपुरस्सर, ठरवता येत नाही. मला या सगळ्या इतिहासात हा खण सर्वांत प्रामाणिक वाटतो. तज्ज्ञांनी एकत्र बसून 'आम्हाला माहीत नाही' याला क्रमांक दिला.

पण भारतात या खणांच्या डोक्यावर आधीपासून एक कलम बसलेलं होतं. १८६० च्या दंडसंहितेचं ३०९. आत्महत्येचा प्रयत्न करणाऱ्याला एक वर्षापर्यंत साधी कैद, दंड किंवा दोन्ही. मेला तर सुटला, वाचला तर आरोपी. ज्या इंग्लंडातून हा विचार आला तिथे १९६१ मध्ये तो रद्द झाला. आपल्याकडे तो राहिला. आता दवाखान्यातला प्रसंग डोळ्यांसमोर आणा. केसपेपरच्या कोपऱ्यात 'एमएलसी' असा शिक्का पडतो, म्हणजे पोलिसांना कळवलं जाणार. बायको पदर तोंडाशी धरून उभी. भावकीतला एखादा जाणता माणूस पुढे होतो आणि डॉक्टरला म्हणतो, "साहेब, चुकून पेला तो. अंधारात समजलं नाही." डॉक्टरलाही उद्या कोर्टाच्या तारखा नको असतात. 'अपघाती सेवन' असं लिहिलं जातं. एक्स ६८ चा एक्स ४८ होतो, तो कोणाला फसवण्यासाठी नव्हे. घरच्या माणसाला शुद्ध आल्याआल्या पोलीस समोर दिसू नये एवढ्यासाठी.

बायकांच्या बाबतीत हा रकाना सासरच्या तोंडून भरला जाई. 'विहिरीवर पाय घसरला', 'स्टोव्हचा भडका झाला'. इतक्या बायकांचे पाय एकाच वयात कसे घसरतात, हा प्रश्न सरकारला पडायला १९८३ उजाडावं लागलं. तेव्हा फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १७४ मध्ये दुरुस्ती झाली आणि लग्नाला सात वर्षं झाली नसतील तर तसा मृत्यू शवविच्छेदनाविना सोडायचा नाही असं ठरलं.

३०९ ला पहिला मोठा धक्का महाराष्ट्रातूनच बसला. मारुती श्रीपती दुबळ हा मुंबईचा पोलीस शिपाई. रस्त्यावरच्या अपघातात डोक्याला मार लागून त्याचं मन बिघडलं होतं. महापालिकेच्या दारात त्यानं जिवाचं बरंवाईट करण्याचा प्रयत्न केला आणि त्याच्याच खात्यानं त्याच्यावर ३०९ लावलं. १९८६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी हे कलम घटनाबाह्य ठरवलं. अशा माणसाला तुरुंगाच्या कोठडीची नव्हे, मनाच्या दवाखान्याची गरज आहे, असा निकालाचा रोख होता. १९९४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानंही तसंच म्हटलं. दोनच वर्षांत, १९९६ च्या ग्यान कौर खटल्यात, पाच न्यायमूर्तींनी ते उलटवलं आणि ३०९ पुन्हा जिवंत झालं. दवाखान्यांतली 'चुकून पेला' ही ओळ तर या दहा वर्षांत कुठेच गेली नव्हती.

आणि मग विदर्भात हवा पालटली. १९९० च्या दशकाच्या अखेरीपासून कापसाच्या पट्ट्यात शेतकऱ्यांच्या आत्महत्या वाढू लागल्या. अमरावती विभागाच्या महसुली तक्त्यात त्यांची मोजणी २००१ पासून आहे. २००५-०६ मध्ये राज्य सरकारनं मदतीचे निकष बांधले. एक लाख रुपये: तीस हजार हातात, सत्तर हजार वारसाच्या नावे ठेव. ३० जून २००६ ला पंतप्रधान मनमोहन सिंग विदर्भात आले आणि सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटींचं पॅकेज जाहीर झालं. अमरावती, अकोला, यवतमाळ, वाशिम, वर्धा आणि बुलढाणा.

एका फटक्यात रकान्याची किंमत उलटी झाली. काल जो शब्द लपवायचा होता, तो आज सिद्ध करायचा होता. आणि नुसता 'आत्महत्या' सिद्ध करून भागत नव्हतं. तहसीलदार चौकशी करणार, तलाठी सातबारा काढणार, बँक आणि सोसायटी थकबाकीचा दाखला देणार, ठाणं पंचनाम्याची प्रत देणार, आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालची समिती ठरवणार. नापिकी, कर्जबाजारीपणा, वसुलीचा तगादा. कर्ज हवं ते राष्ट्रीयीकृत किंवा सहकारी बँकेचं, सोसायटीचं, नाहीतर परवानाधारक सावकाराचं. गावात ज्याच्याकडून खरोखर पैसे उचलले जातात, त्या बिनपरवाना सावकाराचं कर्ज कर्ज नव्हे. जमीन मयताच्या नावे हवी. ही अट पुढे कुटुंबापुरती सैल झाली. दुसऱ्याच्या वावरात राबणारा मजूर यात बसत नाही. शेवटी फाइलवर एक शब्द येतो: 'पात्र' किंवा 'अपात्र'. मृत्यूलाही पात्रता लागते हे वऱ्हाडातल्या माणसाला इतकं अंगवळणी पडलं आहे, की चावडीवर "त्याचा अपात्र झाला" असं वाक्य सहज ऐकू येतं, जसं एखाद्याचा अर्ज अपात्र व्हावा.

आयसीडी हेतू विचारते: होता की नव्हता. जिल्हा समिती हेतूचं कारण विचारते, तेही ठरावीक तीनांतलं. एकाच माणसाचा मृत्यू त्यामुळे आरोग्य खात्यात आत्महत्या असू शकतो, पोलिसांत आत्महत्या असू शकतो आणि महसुलात 'शेतकरी आत्महत्या' नसू शकतो.

पोलिसांची मोजणी हा आणखी एक प्रकार. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाची, एनसीआरबीची, अपघाती मृत्यू आणि आत्महत्यांची पुस्तिका १९६७ पासूनच्या मालिकेतली. १९९५ पासून तिच्यात 'शेतीत स्वयंरोजगार' असा रकाना आला आणि त्याच आकड्यांवर पत्रकार पी. साईनाथ यांनी वर्षानुवर्षं लिहिलं, मद्रासच्या के. नागराज यांनी त्याचं बारकाईनं विश्लेषण केलं. २०१३ मध्ये या रकान्यात देशभरातले ११,७७२ होते, महाराष्ट्रातले ३,१४६. २०१४ ला रकाना बदलला. शेतकरी वेगळे, शेतमजूर वेगळे. शेतकऱ्यांचा आकडा एकदम ५,६५० वर आला, महाराष्ट्राचा २,५६८ वर. मजूर मिळवले की देशाचे पुन्हा १२,३६०. वर्तमानपत्रांत निम्म्यानं घट झाल्याचे मथळेही आले. घट झाली होती ती आखणीच्या रेघेत.

पोलिसांच्या पद्धतीलाच दुसरा छेद दिला तो आरोग्याच्या संशोधकांनी. विक्रम पटेल, प्रभात झा आणि सहकाऱ्यांनी २०१२ मध्ये 'लॅन्सेट'मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीत ठाण्याची वही बाजूला ठेवली आणि घरोघरी जाऊन, मृत्यूला काही काळ लोटल्यावर, घरच्यांशी बोलून कारणं काढली. त्यांचा २०१० चा अंदाज निघाला सुमारे १,८७,०००. पोलिसांचा त्याच वर्षाचा आकडा १,३४,५९९. मधले पन्नास हजार कुठे होते? 'चुकून', 'घसरून', 'अचानक', 'ताप'. शिपाई दारात नसला आणि दुःख थोडं निवलं, की घरचे खरं सांगतात. एवढंच साधन होतं त्यांच्याकडे.

मलकापुरात हे कागद कसे चालतात ते जवळून पाहण्यासारखं आहे. प्रकृती हाताबाहेर गेली की रुग्णाला पुढे पाठवतात. बुलढाण्याला न्यायचं तर मोताळ्यानंतर राजूर घाट चढायचा. नाहीतर महामार्गानं अकोल्याला, जिथे २००२ पासून सरकारी वैद्यकीय महाविद्यालय आहे. मृत्यू तिथे झाला तर १९६९ च्या जन्ममृत्यू नोंदणी कायद्यानं नोंदही तिथेच होते, कारण नोंदणी घटनास्थळाची, गावाची नव्हे. तालुक्यातला शेतकरी अकोला महापालिकेच्या आकड्यात जातो. अकोल्याचं ठाणं शून्य क्रमांकानं मर्ग दाखल करतं आणि कागद मूळ ठाण्याकडे वर्ग करतं. पश्चिम महाराष्ट्रात ज्याला 'अकस्मात मृत्यू' म्हणतात त्याला विदर्भाचे पोलीस 'मर्ग' म्हणतात. जुन्या मध्य प्रांताच्या दप्तरातला फारसी शब्द, राज्य बदललं तरी टिकलेला.

शवविच्छेदन झालं की व्हिसेरा राखून ठेवतात आणि अहवालात 'मत राखीव' असं लिहितात. नमुने न्यायसहायक प्रयोगशाळेत जातात, आणि 'सीए रिपोर्ट', म्हणजे रासायनिक तपासणीचा अहवाल, यायला वेळ लागतो. दरम्यान मृत्यूच्या कारणाचा वैद्यकीय दाखला, नमुना ४, भरून गेलेला असतो. त्यात मृत्यूच्या प्रकाराला पाच पर्याय आहेत: नैसर्गिक, अपघात, आत्महत्या, मनुष्यवध, चौकशी प्रलंबित. रात्रपाळीचा डॉक्टर शहाणा असेल तर पाचवा निवडतो, आणि तो बहुतेक वेळा शहाणाच असतो. पुढे सीए रिपोर्ट येतो तो ठाण्यात; नोंदणीच्या कागदाकडे परत वळून ती खूण बदलायला सहसा कोणी येत नाही. जन्ममृत्यू नोंदणीच्या पुण्यातल्या राज्य कार्यालयात तो दाखला पोचतो, कोड लावणारा त्यावर जे आहे तेच वाचतो. अमेरिकेनं आयसीडीच्या आपल्या सुधारित आवृत्तीत हेतू विषाच्या कोडमध्येच बसवला आहे: सहावं अक्षर १ असेल तर अपघात, २ असेल तर स्वतःहून, ३ म्हणजे दुसऱ्यानं, ४ म्हणजे ठरवता येत नाही. आखणी कितीही नेटकी असो, तो २ लिहिणाऱ्याला तेवढीच माहिती लागते जेवढी मलकापुरातल्या रात्रपाळीच्या डॉक्टरला लागते.

२०१७ च्या पावसाळ्यात 'लागलं' हे क्रियापद एकाएकी राज्यभर ऐकू आलं. यवतमाळ जिल्ह्यात डोक्याच्या वर गेलेल्या कपाशीत फवारणी करताना शेकडो शेतकरी-मजुरांना विषबाधा झाली, वीसहून अधिक दगावले. सरकारला विशेष तपास पथक नेमावं लागलं. इतकी वर्षं औषध म्हटलं की आत्महत्या डोळ्यांसमोर आणणाऱ्या यंत्रणेला, नुसतं काम करूनही माणूस मरतो हे नव्यानं शिकावं लागलं. आणि पैशांचा हिशेब पाहा. गोपीनाथ मुंडे यांच्या नावाच्या शेतकरी अपघात योजनेत कीटकनाशकानं विषबाधा होऊन मृत्यू आला तर दोन लाख, आत्महत्या असेल तर काही नाही. आत्महत्या असून समितीनं पात्र ठरवली तर एक लाख. अपात्र ठरवली तर शून्य. तेच औषध, तोच शेतकरी; 'लागलं' दोन लाख, 'घेतलं' एक लाख किंवा काहीच नाही. घरच्यांनी कोणतं क्रियापद निवडावं असं आपण म्हणणार?

यात आकड्यांच्या शुद्धतेचा हट्ट धरणाऱ्याला चिडायला भरपूर जागा आहे, पण कोड खरा लागला तर त्याचा उपयोग होतो हेही तितकंच खरं. श्रीलंकेनं कोणत्या कीटकनाशकानं किती जीव जातात ते दवाखान्यांच्या नोंदींतून ओळखलं, सर्वांत घातक औषधं बाजारातून टप्प्याटप्प्यानं काढली, आणि १९९५ नंतरच्या वीस वर्षांत तिथल्या आत्महत्यांचं प्रमाण निम्म्याहून खाली आलं.

कायदा मात्र हळूहळू बाजूला सरकला. २०१७ चा मानसिक आरोग्यसेवा कायदा २९ मे २०१८ ला लागू झाला. त्याच्या कलम ११५ नं असा प्रयत्न करणारा तीव्र ताणाखाली होता असं गृहीत धरायला सांगितलं, आणि त्याची काळजी घेणं, उपचार करणं ही सरकारची जबाबदारी केली. १ जुलै २०२४ ला भारतीय न्याय संहिता आली तेव्हा तिच्यात ३०९ नव्हतंच. राहिलं ते कलम २२६, सरकारी नोकराला दबावाखाली आणण्यासाठी असा प्रयत्न केला तर. महापालिकेच्या दारातल्या त्या दुबळ शिपायाला आज कोणतं कलम लागलं असतं, हा प्रश्न वकिलांनी सोडवावा. बुलढाण्यासह चौदा जिल्ह्यांत २०१५ पासून 'प्रेरणा' प्रकल्पात आशा ताई घरोघरी प्रश्नावली घेऊन जातात, झोप लागते का, जेवण जातं का विचारतात. २०२२ पासून टेली-मानसचा १४४१६ हा क्रमांक चोवीस तास आहे, मराठीत बोलता येतं. दवाखान्यातली पोलिसांना कळवण्याची पद्धत अजून आहे, आणि 'चुकून पेला' हेही अजून ऐकू येतं. कलम गेलं तरी सवय जायला एक पिढी लागते. शिवाय आता भावकीतला जाणता माणूस पोलिसापेक्षा मुलीच्या सोयरिकीचा विचार जास्त करतो.

२०२३ च्या अखेरीपासून तहसील कचेऱ्यांत जुन्या कोतवाल बुकांचे गठ्ठे पुन्हा सुटले आहेत. मराठा आरक्षणासाठी कुणबी नोंदींचा शोध चालला आहे. मोडी वाचणारे जाणकार बसवले, पानं स्कॅन झाली, जातपडताळणीसाठी नकला मागणाऱ्यांची रांग लागली. पिवळ्या पडलेल्या पानावर बोट नावावरून बापाच्या नावावर जातं, तिथून जातीच्या रकान्यावर थांबतं. हवं ते सापडलं की त्या ओळीवर खूण होते आणि पान उलटतं. त्याच ओळीत जरा पुढे मरणाचं कारण लिहिलेलं असतं. ताप.